वस्तीतल्या मुलांच्या हातात माती द्या

महोदय,

अमेरिकेतील कृष्णवर्णीय शिल्पकार ऑगस्टा सॅव्हेज (१८९२–१९६२) यांचे कार्य कोल्हापूरकरांनी समजून घ्यावे, असे मला मनापासून वाटते. १९२३ मध्ये फ्रान्समधील उन्हाळी कलावर्गाचा प्रवेश केवळ वर्णामुळे नाकारला गेला, तेव्हा गप्प न बसता त्यांनी वृत्तपत्रांतून जाहीर दाद मागितली. पुढे १९३२ मध्ये न्यूयॉर्कच्या हार्लेम वस्तीत स्वतःची कार्यशाळा उघडली आणि १९३७ मध्ये तेथील सामुदायिक कलाकेंद्राच्या त्या पहिल्या संचालक झाल्या. जेकब लॉरेन्स या तरुण चित्रकाराला सरकारी कलायोजनेत काम मिळावे म्हणून त्यांनी स्वतः खटपट केली. १९३९ च्या जागतिक प्रदर्शनासाठी त्यांनी सोळा फूट उंचीचे ‘द हार्प’ हे शिल्प घडवले. त्यात गाणारी कृष्णवर्णीय मुले-माणसे वीणेच्या तारांसारखी ओळीने उभी होती. ते प्लास्टरमधून ब्राँझमध्ये ओतण्याइतका पैसा जमला नाही आणि प्रदर्शन संपताच ते मोडून टाकण्यात आले, याची हळहळ आजही वाटते.

१९०२ मध्ये मागासवर्गीयांसाठी निम्म्या जागा राखून ठेवणाऱ्या राजर्षी शाहूंच्या आणि कलामहर्षी बाबूराव पेंटरांच्या या नगरीत, शाहूपुरीच्या कुंभार गल्लीत शाडूच्या गणपतीचे डोळे रेखणारे हात आहेत, पण वस्तीतल्या मुलांना फीअभावी कलावर्ग दुरापास्त आहेत. महापालिकेने शाळांच्या खोल्या संध्याकाळी मोफत चित्र-शिल्पवर्गांसाठी खुल्या कराव्यात आणि शिकवण्याचे मानधन गल्लीतल्याच कारागिरांना द्यावे.

– एक कलाशिक्षक, राजारामपुरी, कोल्हापूर