सिनेमा संपायच्या आधी दिवे का लावता?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या रविवार पुरवणीतला ताटातुटीच्या सिनेमांवरचा लेख वाचला. राग निवला की लिहू म्हणून काल पेन हातात घेतलं नाही. तो निवला नाही, म्हणून आज लिहिते आहे.

लेख देखणा आहे, रेखाचा फोटो तर झकासच छापलात. पण 'वक्त'ला (१९६५) पहिला मान कशासाठी? भूकंपात पांगलेलं कुटुंब शेवटी एकमेकांना सापडणार, हे तिकीट काढतानाच ठाऊक असतं. तो भेटीचा सिनेमा झाला. आणि पुरवणीच्या डोक्यावर 'कोल्हापूर' असं ठळक छापता, त्याचं काय? मराठीतला पहिला बोलपट 'अयोध्येचा राजा' १९३२ साली प्रभात फिल्म कंपनीने याच गावात केला. राजा हरिश्चंद्रावर बायको-मुलासकट विकलं जायची वेळ येते, याहून मोठी ताटातूट कुठली? दुर्गाबाई खोट्यांची तारामती लेखकाला आठवली नाही. शेवटी देव सगळं परत देतात हे खरं, पण पुराणच तसं आहे, त्याला दिग्दर्शक शांतारामबापू तरी काय करणार! प्रभात १९२९ ला इथे सुरू झाली आणि १९३३ ला पुण्याला गेली. लेखक बहुधा पुण्याचे असावेत, त्यामुळे त्यांना ती ताटातूट वाटत नसेल.

हे सगळं मी सोडूनही दिलं असतं. पण 'इजाजत'बद्दल जे लिहिलंय ते वाचून चहा गार झाला. एक तर 'मेरा कुछ सामान' लेखकाने सुधाच्या, म्हणजे रेखाच्या, तोंडी घातलंय. अहो, ते मायाचं पत्र आहे! आपल्या वस्तू परत मागणारी माया, म्हणजे अनुराधा पटेल. गुलजार आणि आशाताई, दोघांनाही त्या गाण्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, हे मात्र बरोबर दिलंय. शेवटाबद्दल काय, तर 'नवरा येतो आणि सुधा त्याच्याबरोबर निघून जाते'. एवढंच. एका वाक्यात उरकलं.

हे वाक्य वाचलं आणि मी ओळखलं, की लेखकाने हा सिनेमा थिएटरात पाहिलाय. कारण थिएटरात आम्हालाही तेवढाच दिसला होता.

१९८७ चा हा सिनेमा आपल्याकडे लागला तेव्हा मी आणि माझ्या वन्सं रात्रीच्या खेळाला गेलो होतो. वन्सं त्या वर्षी माहेरी येऊन राहिल्या होत्या. कारण इथे लिहीत नाही. थिएटरचं नावही लिहीत नाही, मालकांची पुढची पिढी गावातच आहे. रेल्वेची वेटिंग रूम, पाऊस, नसिरुद्दीन आणि रेखा रात्रभर बोलत बसलेले, एवढं सगळं शांतपणे पाहू दिलं. मग सकाळ होते आणि शशी कपूर बायकोला न्यायला येतो. तो आत आला मात्र, डोअरकीपरने धाडकन दोन्ही बाजूंचे दरवाजे उघडले. खर्रकन पडदे ओढले. बाहेरच्या ट्यूबलाइटचा पांढरा पट्टा थेट पडद्यावर, रेखाच्या अर्ध्या तोंडावर. स्टॉलमधल्या खुर्च्या फटाफट मिटायला लागल्या. कुणाला सायकल स्टँडवरून आधी काढायची होती, कुणाला शेवटची केएमटी बस गाठायची होती. आमच्या पुढच्या रांगेतलं एक अख्खं कुटुंब उभं राहिलं आणि त्यातल्या बाई तिथेच शाल झटकून घडी घालायला लागल्या.

वन्सं उठेनात. मी हात धरला तर म्हणाल्या, "थांब गं, ती अजून आत हाय." डोअरकीपर बॅटरी नाचवत आला, "चला ताई, संपला न्हवं पिक्चर." यावर वन्सं जे बोलल्या ते निम्म्या थिएटरने ऐकलं, "पैसे शेवटापातूरचं घेतलंयस का मधल्यापातूरचं?"

या गोंधळात पडद्यावर काय चाललं होतं, ते मला पुढे टीव्हीवर सिनेमा लागला तेव्हा कळलं. नवरा सामान घेऊन पुढे जातो. तेवढ्या वेळात सुधा पहिल्या नवऱ्याच्या, म्हणजे नसिरुद्दीनच्या, पाया पडते. मागच्या वेळी न विचारता गेले होते, आता तरी जायची परवानगी द्या, म्हणते. नवरा उशीर का म्हणून परत डोकावतो, त्या दोघांना बघतो आणि समोरचा माणूस कोण ते त्याला उमगतं. ज्यासाठी आधीचे दोन तास बसवलं, ते सगळं या शेवटच्या मिनिटा-दोन मिनिटांत आहे. आणि नेमकं तेच आमच्याकडे शाली आणि सायकली यांत गेलं. मारामारीच्या सिनेमात शेवट चुकला तर काही बिघडत नाही, व्हिलन मेलेला असतो. ताटातुटीच्या सिनेमात कोण कसं गेलं, मागे वळलं का, हाच तर सिनेमा असतो.

आताची थिएटरं सुधारली म्हणावं, तर तिथे पोरं झाडू घेऊन दारात तयार. घरी मोबाइलवर बघावं, तर नावं सुरू झाली रे झाली की चित्र कोपऱ्यात आक्रसतं आणि पुढचा कुठला तरी खुनाचा सिनेमा धावून येतो.

लेखकाने 'उंबरठा' (१९८२) वगळलाय, त्याबद्दल काय बोलावं. संगमवाडीच्या आश्रमातल्या नोकरीसाठी सुलभा लहान मुलीला घरी ठेवून जाते आणि परत येते तेव्हा त्या घरात तिची जागा उरलेली नसते. ही ताटातूट नव्हे? का त्यात प्रियकर नाही म्हणून बाद? स्मिता पाटीलचाच 'गमन' (१९७८) घ्या. नवरा मुंबईत टॅक्सी चालवतो, बायको उत्तर प्रदेशात वाट बघते, आणि त्याचं गावाकडे परतणं काही होत नाही. आजरा, चंदगड, भुदरगडच्या घरांना हे समजावून सांगायला नको. मुंबईच्या गिरणीत गेलेल्या माणसाची मनीऑर्डर यायची, माणूस गणपतीला यायचा. त्या बायकांवर कुणी सिनेमा काढला असता तर त्यात एक गाणंही बसलं नसतं, म्हणून कदाचित काढला नसेल.

आता मुद्द्याचं. लेखाच्या खाली 'उर्वरित मजकूर पान ६ वर' असं छापलंय. पान ६ वर सोन्याचे भाव, राशिभविष्य आणि बोअरवेलची जाहिरात आहे. उर्वरित मजकूर नाही. पान ५ आणि ७ सुद्धा पाहिली, आमच्या पेपरवाल्याकडून दुसरा अंक मागवून त्यातही पाहिलं. त्या उरलेल्या भागात 'उंबरठा' असेल तर माझे वरचे दोन शब्द मागे घेते. तो येत्या रविवारी छापा, आणि छापाल तेव्हा एकाच पानावर बसवा.

आपली,
एक जुनी वाचक,
शुक्रवार पेठ, कोल्हापूर