जॉन हेन्री खरा कोण होता?

नाशिक
१८ मे

प्रिय अविनाश,

सप्रेम नमस्कार.

तुझं पत्र पोचलं. कलकत्त्यात कामगारदिनाला तू ऐकलेलं जॉन हेन्रीवरचं ते बंगाली गाणं हेमांग बिश्वासांचं. मूळ गाणं मात्र अमेरिकेतल्या काळ्या मजुरांचं. ‘हा हेन्री खरंच होऊन गेला का रे?’ एवढंच विचारून तू मोकळा झालास आणि मी बसलोय पुस्तकं उपसत!

कथा तुला ठाऊकच आहे. बोगदा खोदायला वाफेचं यंत्र येतं, जॉन हेन्री दोन हातांत दोन घण घेऊन त्याच्याशी पैज लावतो, जिंकतो आणि तिथेच मरून पडतो. गाण्याच्या बऱ्याच पाठांत तो चौदा फूट खोदतो आणि यंत्र नऊ. जागा म्हणून वेस्ट व्हर्जिनियातल्या टॅल्कॉटजवळचा बिग बेंड बोगदा सांगतात. तो चेसापीक अँड ओहायो रेल्वेने १८७० ते ७२ मध्ये खोदला. १९७२ साली तिथे त्याचा धिप्पाड पुतळाही उभा राहिला.

आधी ते काम कसं चालायचं ते सांगतो, नाहीतर गाणं कळायचं नाही. एकजण पोलादी पहार खडकाला टेकवून धरायचा, दुसरा तिच्यावर घण घालायचा. दर घावानंतर धरणारा पहार जराशी फिरवायचा आणि हलवून भोकातला भुगा मोकळा करायचा. भोक पुरेसं खोल गेलं की दारू ठासून सुरुंग उडवायचा. घण चुकला तर धरणाऱ्याचा हात गेला. म्हणून लय हवी, आणि लयीसाठी गाणं. आपले शाहीर डफ घेऊन श्रोत्यांपुढे उभे राहतात. इथे श्रोते नव्हतेच, गाणारेच राबणारे.

१९२० च्या दशकात गाय जॉन्सन आणि लुई चॅपेल हे दोन अभ्यासक वेगवेगळे टॅल्कॉटला गेले, म्हाताऱ्या मजुरांना भेटले. नील मिलर नावाच्या एकाने सांगितलं की पोरवयात तो तिथे पाणी आणि पहारी पोचवायचा आणि पैज त्याने पाहिली होती. चॅपेलचा त्यावर विश्वास बसला. जॉन्सन सावध राहिला. कंपनीच्या कागदांत पैजेचा मागमूस नव्हता.

नंतर स्कॉट नेल्सन हा इतिहासकार आला. त्याला धागा सापडला तो गाण्याच्याच एका कडव्यात. काही पाठांत म्हटलंय की जॉन हेन्रीला पांढऱ्या घराकडे नेलं, वाळूत पुरलं आणि शेजारून आगगाड्या जातात. व्हर्जिनियाची राजधानी रिचमंड, तिथल्या जुन्या तुरुंगाचं चित्र बघताना नेल्सनला आवारात पांढरी इमारत दिसली, जवळून रूळ गेलेले. आणि १९९२ मध्ये, तुरुंग पाडल्यावर, त्याच जागी सुमारे तीनशे माणसांचे सांगाडे निघाले होते!

तुरुंगाच्या दफ्तरात त्याला नाव मिळालं: जॉन विल्यम हेन्री. मूळचा न्यू जर्सीचा, वय एकोणीस, उंची पाच फूट सव्वा इंच. पुतळ्याशेजारी हा उभा केला तर? १८६६ मध्ये व्हर्जिनियात त्याला घरफोडी आणि चोरीसाठी पकडलं आणि दहा वर्षांची सजा ठोकली. यादवी युद्ध संपून जेमतेम वर्ष झालं होतं. गुलामगिरी कायद्याने गेली होती, पण काळ्या माणसाला किरकोळ गुन्ह्यावरून वर्षानुवर्षं आत टाकणारे कायदे तयार होते. १८६८ च्या अखेरीस राज्याने हे कैदी रेल्वेच्या ठेकेदारांना भाड्याने दिले. दर दिवसाला माणशी पंचवीस सेंट. शिवाय कैदी परत आला नाही तर शंभर डॉलर दंड. मेलेल्यांची प्रेतंसुद्धा गाडीत घालून रिचमंडला परत का यायची, याचं उत्तर नेल्सन या दंडात शोधतो. मी ते वाचून पुस्तक मिटलं आणि गच्चीवर जाऊन आलो.

हे कैदी बिग बेंडवर नव्हते. ते होते पूर्वेला, त्याच रेल्वेच्या लुईस बोगद्यावर, आणि वाफेची यंत्रंही कैद्यांच्या जोडीला तिथेच चालवली गेली. खडक इतका कठीण की यंत्रं वारंवार बंद पडत. सुरुंगानंतर हवेत उरायची ती गारगोटीची धूळ फुप्फुसात जायची. नेल्सनच्या मते पैजेने छाती फुटून मरण्यापेक्षा या धुळीने खोकत मरणं जास्त संभवतं. १८७३ नंतर जॉन विल्यम तुरुंगाच्या नोंदींतून गायब होतो. सुटका नाही, माफी नाही.

आता माझं मत. पुरावा वकिली थाटाचा आहे. जॉन आणि हेन्री ही नावं तिकडे पैशाला पासरी, आणि या पोराने पैज लावल्याचा कागद नाहीच. जॉन गार्स्ट नावाच्या रसायनशास्त्राच्या निवृत्त प्राध्यापकाने तर सगळी कथा अलाबामात नेली, लीड्स गावाजवळ, १८८७ च्या बोगद्यांवर. तिथल्या मुख्य इंजिनियरचं आडनाव डॅब्नी, आणि जॉन्सनला जॉन हेन्रीबद्दल आलेल्या जुन्या पत्रांतही ते नाव येतं. हे मला सहजी झटकता येत नाही. तरीही पांढरं घर आणि वाळू अलाबामात बसत नाहीत, म्हणून माझा कल रिचमंडकडे.

आणि एक, तुमच्या कार्यक्रमातल्या मुलांना हे जरूर सांग. या नावाची घणाची गाणी वेगळी आहेत, पोवाड्यासारख्या कथागीताहून जुनी आणि संथ. त्यांत यंत्राशी पैज नाही. मजूर म्हणतो, या घणाने जॉन हेन्रीला मारलं, मला मारणार नाही, मी चाललो. म्हणजे ज्यांच्या हातात घण होता ते एकमेकांना सांगत होते: बेताने घे, मुकादमासाठी जीव देऊ नकोस. मर्दुमकीचं कौतुक करणारे बहुतेक नंतरचे, आणि त्यातले बरेचसे खुर्चीवर बसलेले, माझ्यासारखे.

पुढे १९३० च्या सुमारास त्याच वेस्ट व्हर्जिनियात, हॉक्स नेस्टला, जलविद्युत बोगदा खोदताना शेकडो मजूर याच धुळीने मेले. बहुतेक काळेच. त्यावर पुन्हा कधीतरी लिहीन, आज हात दुखायला लागला.

त्या बंगाली गाण्याचे शब्द उतरवून पाठव, अर्थासकट. वहिनींना नमस्कार.

तुझा
मोहन