काढा बंद, प्रेडनिसोलोन चालू

ती. आई-बाबांना सा. न.,

फोनवर सांगितलं असतं तर आई 'बरं बरं' म्हणाली असती आणि बाबांनी टीव्हीचा आवाज वाढवला असता. म्हणून लिहितेय. तुम्हाला न विचारता तीन गोष्टी ठरवल्यात. संधिवाताच्या डॉक्टरांशी बोलून आईच्या ल्युपसवरच्या (प्रतिकारशक्ती स्वतःच्याच शरीरावर उलटते, त्या आजारावरच्या) मेथोट्रेक्झेटच्या आठवडी गोळीचे पुढचे दोन सोमवार थांबवले. गुळवेलीचा काढा आजपासून बंद. आणि नृसिंहवाडीची गाडी रद्द केली. परस्पर केलं हे चुकलं, पण रिपोर्टमधला लिव्हरचा एसजीपीटी १२६ बघून राहवेना. ४० ही लॅबची वरची मर्यादा, तिच्या तिपटीपलीकडे आकडा गेला की मेथोट्रेक्झेट थांबवून पुन्हा तपासायचं, असं डॉक्टर म्हणाले.

आई, आधी हे वाच, मग घाबर. एसजीपीटी आणि एसजीओटी ही लिव्हरच्या पेशींच्या आतली एन्झाइम्स. पेशी दुखावली की ती रक्तात झिरपतात. म्हणजे १२६ हा आकडा इजेची कुणकुण देतो, लिव्हर काम किती करतंय ते सांगत नाही. (त्या तपासणीला 'लिव्हर फंक्शन' नाव कुणी दिलं कोण जाणे.) कामाचा हिशेब बिलिरुबिन, अल्ब्युमिन आणि रक्त गोठण्याच्या आयएनआरमध्ये असतो. तुझे ०.७, ४.१ आणि १.०. तिन्ही उत्तम. अल्कलाइन फॉस्फटेज आणि जीजीटीही नॉर्मल आहेत, म्हणजे पित्त अडल्याची खूण नाही. एसजीओटी ९४ आहे, पण ते स्नायूंत आणि लाल पेशींतही असतं. ल्युपसमध्ये स्नायूंना सूज येऊ शकते, लाल पेशीही फुटू शकतात, म्हणून पुढच्या वेळी सीपीके (स्नायूंसाठी) आणि एलडीएच (लाल पेशींसाठी) जोडायला सांगितलंय. जिना चढताना किंवा खुर्चीतून उठताना मांड्यांत बळ नाही असं वाटलं तर लपवू नकोस.

'ल्युपस लिव्हरवर आला का' हा तुझा प्रश्न. येऊ शकतो, पण ती सूज बहुधा सौम्य असते. ल्युपसच्या पेशंटचा एसजीपीटी वाढला की आधी औषधं, फॅटी लिव्हर आणि विषाणू शोधायचे. ऑटोइम्यून हिपॅटायटिस, म्हणजे प्रतिकारशक्ती थेट लिव्हरवरच उलटते तो, हा निराळा आजार. १९५६ साली मेलबर्नच्या इयन मॅके यांनी त्याला 'ल्युपॉइड हिपॅटायटिस' म्हटलं आणि तेव्हापासून गोंधळ सुरू झाला, कारण एएनए ही रक्तातल्या अँटिबॉडीची तपासणी दोन्हींत पॉझिटिव्ह येते. त्यासाठी आयजीजी (रक्तातल्या अँटिबॉडींचं प्रमाण) आणि एएसएमए (आणखी एक अँटिबॉडी) बघतात, शंका उरली तर बायोप्सी. बाबा, फाइलमधला 'अँटी-एसएम' म्हणजे एएसएमए नव्हे. पहिला ल्युपसचा, दुसरा लिव्हरचा. नावं सारखी दिसतात एवढंच.

आता गुळवेल. बाबा, तुम्ही पहाटे उठून कडुनिंबावरची ताजी कांडी ठेचून आईला काढा देता, त्यामागची माया मला कळते. कोविडमध्ये 'प्रतिकारशक्ती वाढते' म्हणून ती वेल लावा, हे मीच तुमच्या मागे लागून सांगितलं होतं. दोष असला तर माझा. पण ल्युपसमध्ये प्रतिकारशक्ती मुळातच बेफाम झालेली असते आणि आपण गोळ्यांनी तिला आवरतोय. एका हाताने आवरायची, दुसऱ्या हाताने चेतवायची, असं झालं. २०२० मध्ये सप्टेंबर ते डिसेंबरात मुंबईच्या डॉक्टरांना गुळवेल घेणारे सहा पेशंट लिव्हरच्या इजेसह दिसले, आणि ते चित्र ऑटोइम्यून हिपॅटायटिससारखं होतं. आयुष मंत्रालयाने त्यावर हरकत घेतली, वनस्पती नीट ओळखलीच नाही, असं त्यांचं म्हणणं. वाद असेल. आईच्या लिव्हरवर तो सोडवायला नको. वेल मात्र तोडू नका, झाडावर सुखाने राहू दे.

एकटी गुळवेलच गुन्हेगार असेल असंही नाही. मागच्या वेळी सोमवारी रात्री गोळी आणि मंगळवारी सकाळी रक्त, असं झालं होतं. मेथोट्रेक्झेट घेतल्यावर एक-दोन दिवस एसजीपीटी तात्पुरता वर जातो. गोळी पुन्हा सुरू झाली की रक्त सोमवारी सकाळी, गोळीच्या आधी द्यायचं. आणि सुरू झाली तरी ती आठवड्यातून एकदाच. रोज घेतली तर रक्तपेशी कोसळून जिवावर बेततं. मला ताप आला की आई कॅलेंडरवर पेन्सिलीने आकडे लिहायची आणि झोपेतही मला ती पेन्सिल ऐकू यायची. तशीच सोमवारवर खूण करा, बाबा.

फॅटी लिव्हरही असेल. स्टेरॉइडने आईचं वजन ६६ किलोवर गेलंय, त्यासाठी सोनोग्राफी. सहा महिन्यांत चार-पाच किलो उतरलं तरी खूप फरक पडेल, घाई नाही, उपास नकोत. चहा चालेल, दोन कप कॉफीही. वरणभातावर चमचाभर तूप घे. आमटीतली हळद राहू दे, हळदीच्या कॅप्सूल आणि अश्वगंधा मात्र नको.

काय बंद करायचं नाही ते नीट वाचा. प्रेडनिसोलोन ५ मिलिग्रॅम, म्हणजे ती स्टेरॉइडची गोळी, एक दिवसही चुकवायची नाही. शरीराचं स्वतःचं कॉर्टिसॉल झोपलेलं आहे, गोळी अचानक थांबली तर बीपी कोसळेल. हायड्रॉक्सिक्लोरोक्विनही चालूच. ती लिव्हरला क्वचितच त्रास देते आणि ल्युपसला तीच आटोक्यात ठेवते. गुडघा दुखला तर डायक्लोफेनॅक ही वेदनाशामक गोळी नाही. पॅरासिटामॉल ५०० ची एक, सहा तासांच्या अंतराने, दिवसात चारपेक्षा जास्त नाही. सर्दीच्या गोळीतही पॅरासिटामॉल असतं, ती यातच धरायची. कुठल्याही डॉक्टरांनी सेप्ट्रान ही अँटिबायोटिक गोळी लिहिली तर मेथोट्रेक्झेटचं नाव आधी सांगा, ही जोडी रक्ताला घातक आहे.

डोळे पिवळे, लघवी गडद, उलट्या, अंगाला खाज, नको तितकी झोप, किंवा ताप यातलं काही दिसलं तर सकाळची वाट बघू नका. दवाखाना गाठा, मला नंतर कळवा.

दोन आठवड्यांनी मंगळवारी रक्त न्यायला मुलगा घरी येईल. हिपॅटायटिस बी आणि सीच्या तपासण्याही आहेत. तुमचा अपमान नाही हो, प्रतिकारशक्ती दाबणाऱ्या औषधांवर जुना बी पुन्हा उसळू शकतो, म्हणून त्या सगळ्यांच्याच करायला हव्यात. लघवीतलं प्रोटीनही बघतील. वाडीला नंतर जाऊ, मी सुटी काढून गाडी चालवीन.

तुमची,
मनू

ता. क. या रक्ताला उपाशी राहायचं नाही, चहा-खारी घे. सोनोग्राफीला मात्र सहा-आठ तास काही खायचं नाही. प्रेडनिसोलोन तपासणी झाल्यावर लगेच, काहीतरी खाऊन. बाबा, डब्यात दोन बिस्किटं ठेवा.