गल्लीची मशीन

सेलू

प्रिय सुन्या,

पत्र पाहून आधी "कोण गेलं?" म्हणशील. कोणी नाही. माझी शुगर आहे तशीच. माय मात्र श्वासानं बेजार आहे. जन्मात बिडी शिवली नाही, पण चुलीचा धूर गिळला. डॉक्टर सीओपीडी म्हणाले, म्हणजे श्वासनळ्या आकसायचा जुनाट आजार. औषध फुप्फुसात सोडणारी मशीन, नेब्युलायझर, घ्यायला लावला.

कटकट तिथूनच. सोयाबीनची मळणी सुरू झाली, गावभर धुराळा, अन् अख्खी गल्ली आमच्या दारात: "वहिनी, ती वाफेची मशीन द्या की जरा." तुमच्या घरचा पीपी फोन आठव, अख्ख्या गल्लीचे निरोप त्यावरच यायचे, म्हणजे तुलाच का लिहितोय ते कळेल. तुमचे अण्णा निरोप द्यायला मला उन्हात पळवायचे अन् शाबासकीचा पेरू तू खायचास, लबाडा! पण फोनवर बोलून कोणाचा खोकला कोणाला लागत नव्हता रे.

इथं मास्क एकच. परवा शेजारचं शेंबडं पोरगं मायचाच लावून बसलं. वाफ कसली, कॉम्प्रेसरच्या हवेनं औषधाचं धुकं होऊन सरळ फुप्फुसात जातं. मशीनच्या औषधाच्या कपात जंतू राहिले तर तेही सोबत. बायको रोज कप धुऊन उपडा वाळवते, फडकं लावत नाही. लोक तसाच ओला परत करतात.

बबनकाकांनी तर कहर केला. दम लागला अन् मायची पांढरी रेस्प्यूल, औषधाची छोटी कुपी, ओतली. ते बुडेसोनाइड, स्टिरॉइड. सूज हळूहळू उतरवतं, नंतर चूळ भरावी लागते. लगेच मोकळं करतं ते लेव्होसॅल्बुटामॉल, पण त्यानं छाती धडधडते, अन् काकांची अँजिओप्लास्टी झालेली! दवाखान्यात जा म्हणून भांडलो, तर म्हणे, "भाडं घे पाहिजे तर."

डॉक्टर सांगतात, स्पेसर म्हणजे नळकांडं लावून इनहेलरचा पंप नीट ओढला तर बहुतेकांना तेवढाच गुण येतो. पण लोकांचं एकच, पंपाची सवय लागते म्हणे! मशीन घुरघुरली की गल्लीला औषध लागू पडल्यासारखं वाटतं. लाइट गेली की मग पळापळ.

नाही म्हणवत नाही. रात्री-अपरात्री दार वाजलं की अण्णा काय करायचे, विचारून कळव.

तुझी बदली रद्द झाली म्हणे, बरं झालं. पोरीची बारावी कशी चाललीय?

दिवाळीला येताना कप-मास्कचे जादा किट आण, लहान पोरांचेही. नावं घालून ज्याचं त्याला देऊन टाकतो. औषध मात्र चिठ्ठीशिवाय कोणालाच नाही, हे मायनंच बजावलंय.

तुझा,
दिल्या