प्रश्न चोख, चाल मात्र चुकलेली

संपादक महोदय,

स. न. वि. वि.

घोडबंदर रोडच्या संकुलांपासून नेरुळ-सीवूड्सपर्यंत गणेशोत्सवात किंवा मे महिन्याच्या सुट्टीत प्रश्नमंजूषेचा मोठा पट जमिनीवर आखून खेळवला जातो. सोंगट्यांच्या जागी मुलंच उभी राहतात, पुठ्ठ्याचा भलाथोरला फासा फेकला जातो. उपक्रम छानच आहे. प्रश्नही मेहनतीने काढलेले असतात. देशातली पहिली प्रवासी रेल्वे १८५३ साली बोरीबंदरहून कुठवर धावली, ठाण्याचं मराठी ग्रंथसंग्रहालय कोणत्या साली सुरू झालं, असे. चालीचे नियम सांगताना मात्र ‘लुडोसारखंच आहे हो’ म्हणून विषय मिटवतात आणि खेळ तिथेच बसतो. या खेळात प्रश्नांइतकीच अक्कल चालीत आहे, म्हणून हा पत्रप्रपंच.

असे बहुतेक पट ज्याच्यावरून उचलले जातात तो खेळ म्हणजे ट्रिव्हियल परस्यूट. क्रिस हॅनी आणि स्कॉट ॲबट या कॅनडातल्या दोन पत्रकारांनी १९७९ मध्ये माँट्रियलला त्याची कल्पना मांडली आणि १९८१ मध्ये तो बाजारात आला. मूळ पट चाकासारखा आहे: मधोमध एक घर, तिथून निघणाऱ्या ६ आऱ्या आणि बाहेरचा गोल काठ. प्रत्येक आरीत ५ घरं. प्रश्नांचे विषय सहा, दर आरीला एक. आरी काठाला मिळते तिथे त्या विषयाचं मुख्य घर, आणि सोंगटीत भरायचा रंगीत तुकडा तिथेच मिळतो. सहाही तुकडे जमवून मधल्या घरात परतायचं आणि शेवटचा प्रश्न सोडवायचा, की डाव जिंकला. शेजारशेजारच्या दोन मुख्य घरांमध्ये काठावर ६ घरं असतात. त्यातल्या दुसऱ्या आणि पाचव्या घरावर प्रश्न नाही, नुसता ‘पुन्हा फासा’. एकूण घरं भरतात ७३.

मंडळी पट आखताना हे आकडे बिनधास्त बदलतात. जागा कमी पडली की आरीतलं एक घर गाळायचं, ‘पुन्हा फासा’ मनाला येईल तिथे चिकटवायचा. पण हे आकडे एका फाशाच्या हिशेबाने बसवलेले आहेत. मध्यघरापासून कुठलंही मुख्य घर ६ पावलांवर आहे, म्हणजे पहिल्याच दानाला ६ पडले तर हव्या त्या मुख्य घरात थेट जाता येतं. उलट, एका मुख्य घरापासून शेजारचं मुख्य घर ७ पावलांवर. एका दानात ते कधीच गाठता येत नाही. मध्ये कुठेतरी थांबावं लागतं आणि तिथला प्रश्न सोडवावा लागतो. अपवाद ‘पुन्हा फासा’चा. उदाहरणार्थ, आधी २ आणि मग ५ पडले किंवा आधी ५ आणि मग २, तर ‘पुन्हा फासा’वर पाय टेकून एकही प्रश्न न सोडवता पुढचं मुख्य घर मिळतं. आखणाऱ्याने गंमत म्हणून एखादं घर कमी केलं की हे सगळं कोसळतं.

आता चाल. सुरुवात मध्यघरातून. फासा एकच. जितकं दान तितकीच घरं, कमी नाही की जास्त नाही. दिशा खेळणाऱ्याच्या मर्जीची. फाटा आला, म्हणजे मुख्य घर किंवा मध्यघर लागलं, की हव्या त्या वाटेने वळता येतं. फक्त एका दानात आल्या वाटेने मागे फिरायचं नाही. ५ पडले म्हणून ४ पुढे आणि १ मागे, असं चालत नाही. सगळ्यात जास्त मोडला जाणारा नियम हाच. तो मोडला की एकाच दानात कितीतरी जास्त घरं गाठता येतात आणि दिशा निवडण्यातला विचारच संपतो. मात्र उत्तर बरोबर आलं की पुन्हा फासा मिळतो, ती नवी चाल. तेव्हा उलट दिशेला जायला हरकत नाही. उत्तर चुकलं की पाळी पुढच्याची. एका घरात कितीही सोंगट्या राहू शकतात, कुणी कुणाला मारत नाही. लुडोच्या सवयीने मुलं एकमेकांना ढकलून ‘घरी’ पाठवतात. ते सुरुवातीलाच थांबवलेलं बरं.

मुरलेला खेळाडू काठ सोडत नाही. आरीत उभं असलं की पुढच्या दानात गाठता येईल असं मुख्य घर एकच आणि त्यासाठी एकच आकडा चालतो, म्हणजे सहात एक संधी. काठावर दोन मुख्य घरांच्या मध्ये असलं तर दोन्हीकडे पोहोचता येतं. डावीकडचं ३ वर असेल तर उजवीकडचं ४ वर, एक १ वर असेल तर दुसरं ६ वर, बेरीज नेहमी ७. दोन्ही तुकडे मिळवायचे शिल्लक असतील तर संधी सहात दोन, म्हणजे दुप्पट.

त्यातही मधली दोन घरं, तिसरं आणि चौथं, सोन्यासारखी. डाव्या मुख्य घरापासून मोजलेल्या तिसऱ्या घरात तुम्ही उभे आहात असं समजा. १ पडला तर डावीकडचा ‘पुन्हा फासा’, २ पडले तर उजवीकडचा. ३ ला डावं मुख्य घर, ४ ला उजवं. ५ पडले तर डावं मुख्य घर ओलांडून पलीकडचा ‘पुन्हा फासा’, ६ पडले तर उजवं ओलांडून त्याच्या पलीकडचा. म्हणजे काहीही पडलं तरी एक तर मुख्य घर, नाही तर फुकटचं दान! हे एकदा लक्षात आलं की दहावीतली मुलंसुद्धा फासा टाकण्याआधी पटाकडे टक लावून बघू लागतात. आखणाऱ्याने ‘पुन्हा फासा’ भलतीकडे लावला असेल तर ही मजा गेलीच म्हणायची.

दोन फासे वापरायचा मोहही आवरा. खेळ लवकर उरकावा म्हणून ‘व्यापार’ या खेळासारखे दोन फासे देतात. दोन फाशांच्या ३६ शक्यतांपैकी ६ मध्ये बेरीज ७ येते, बाकी कुठलीही बेरीज इतक्या वेळा येत नाही. आणि शेजारचं मुख्य घर नेमकं ७ वर! ज्याला थांबवून प्रश्न सोडवायला लावायचं, तोच थेट उडी मारून मोकळा. शिवाय दोन फाशांत १ पडूच शकत नाही, त्यामुळे मध्यघराला खेटून उभा असलेला गडी आत शिरायचं दान मागूच शकत नाही.

मुख्य घर नुसतं ओलांडून तुकडा मिळत नाही. दान बरोबर तिथे संपलं पाहिजे आणि उत्तरही आलं पाहिजे. चुकलं तर पुढच्या पाळीला बाहेर पडून पुन्हा यायचं, तिथेच उभं राहून प्रश्नामागून प्रश्न मागायचे नाहीत.

सहा तुकडे झाले की शेवटचा टप्पा, मध्यघरात परतणं. इथेही दान नेमकं हवं, लुडोत सोंगटी घरात जाते तसं. फरक इतकाच की दान जास्त पडलं म्हणून पाळी वाया जात नाही, सोंगटी मध्यघर ओलांडून दुसऱ्या आरीत उतरते. मध्यघर २ वर असताना ५ पडले तर पलीकडच्या एखाद्या आरीत तिसऱ्या घरात. आरीत कुठेही असा किंवा मुख्य घरात, मध्यघरात नेणारा आकडा एकच असतो. त्यामुळे आरी सोडून पुन्हा काठावर जाण्यात शहाणपण नाही. पोहोचल्यावर विषय प्रतिस्पर्धी ठरवतात आणि अर्थातच तुमचा कच्चा विषय शोधतात. उत्तर चुकलं तर पुढच्या पाळीला बाहेर निघून पुन्हा नेमकं दान आणायचं. सहा तुकडे होण्याआधी मध्यघरात थांबलात तर विषय तुमच्या आवडीचा.

जमिनीवर पट आखणाऱ्यांसाठी एक सोपी रीत. ८ फूट ४ इंचांची सुतळी घ्या. एक टोक मध्ये धरून दुसऱ्या टोकाला खडू बांधा आणि वर्तुळ काढा. तीच सुतळी ताणून वर्तुळावर एका खुणेपासून पुढची खूण करत गेलात की बरोबर सहाव्या वेळी पहिल्या खुणेवर परत याल. या सहा खुणा म्हणजे सहा मुख्य घरांचे मध्य. आता दोन खुणांमधला काठ १५ इंचांच्या पट्टीने मापत गेलात तर सात पावलं बसतात, मध्ये ६ घरं आपोआप पडतात. केंद्रापासून प्रत्येक खुणेपर्यंत रेघ ओढून तिचे सहा सारखे भाग करा, आरीतली ५ घरं तयार. मूल मोकळेपणाने उभं राहील इतकं घर होतं आणि सगळ्याला साधारण १८ फूट बाय १८ फूट जागा पुरते. पोडियमवर, म्हणजे पार्किंगच्या वरच्या मोकळ्या गच्चीवर, आखणार असाल तर पावसाचा अंदाज घ्या, खडूचा पट एका सरीत धुऊन जातो. ऑइलपेंटने रंगवायला सोसायटीची कमिटी परवानगी देत नाही, तेव्हा मास्किंग टेप बरा.

वेळेची अडचण खरी आहे. बरोबर उत्तराला पुन्हा फासा असल्याने एखादा तयारीचा संघ सुटला की बाकीचे संघ ताटकळत बसतात. तेव्हा एका पाळीत जास्तीत जास्त ३ प्रश्न अशी मर्यादा घाला किंवा तीनच तुकड्यांवर मध्यघर खुलं करा. चालीच्या हिशेबाला त्याने धक्का लागत नाही. आणि पावलं मोजायला प्रश्न विचारणाऱ्यापेक्षा वेगळा माणूस नेमा. प्रश्नाचा कागद हातात असला की पटावर कोण किती सरकलं याकडे लक्ष राहत नाही, आणि मुलं हे पहिल्या दहा मिनिटांत ओळखतात.

आपल्या रविवार पुरवणीत सुट्टीसाठी खेळ सुचवता, तेव्हा प्रश्नांसोबत ७३ घरांची ही आकृतीही एकदा छापावी, ही विनंती.

आपले,
प्रश्नमंजूषा खेळवणारे काही वाचक,
ठाणे (पश्चिम)