जुन्या खेळाडूंच्या घरच्या शुश्रूषेचं काय?

संपादक महाशय,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या क्रीडा पानावर अमेरिकन फुटबॉलमधल्या ट्रॅव्हिस केल्सीवर लेख आला. कॅन्सस सिटी चीफ्स या संघाबरोबरची तीन सुपर बोल (म्हणजे मोसमाचा अंतिम सामना) विजेतेपदं, 87 नंबरची जर्सी, टेलर स्विफ्ट, सगळं त्यात होतं. तो ज्या जागेवर खेळतो तिला 'टाइट एंड' म्हणतात, हेही होतं. पण त्या जागेला आजचं रूप ज्यांनी दिलं त्यांतल्या जॉन मॅकी यांचं नाव कुठेच नव्हतं. मी नायगावच्या चाळीत चाळीस वर्षं संसार केलेली बाई. अमेरिकन फुटबॉलचा एक अख्खा सामना मी कधी पाहिलेला नाही. तरी गेली तीन वर्षं मॅकी आमच्या घरातलेच झाले आहेत, आणि ते माझ्या यजमानांमुळे.

हे कबड्डी खेळायचे. डावा कोपरा. 1979 साली, बाविसाव्या वर्षी, खेळाडू म्हणूनच एका कंपनीत लागले आणि तिच्या संघातून व्यावसायिक गटात 14 वर्षं खेळले. घोट्याची पकड ही यांची ओळख. तेव्हा मॅट नव्हत्या, पाणी मारून बसवलेली मातीची मैदानं असायची. चढाई करणाऱ्याचा गुडघा कानशिलात बसला की बाहेर नेऊन तोंडावर पाणी मारायचे, कोणीतरी लिंबू पिळायचं, आणि पुढच्या चढाईला हे परत कोपऱ्यात उभे. असं किती वेळा झालं ते कोणी मोजलं नाही. मीही मोजलं नाही. मी प्रेक्षकांत बसून टाळ्याच वाजवत होते.

2022 मध्ये डॉक्टरांनी निदान केलं, फ्रंटोटेम्पोरल डिमेन्शिया. यात मेंदूचा पुढचा आणि बाजूचा भाग झिजत जातो. आठवण नंतर जाते, माणसाचं वागणं आधी बदलतं. भाचीच्या लग्नात यांनी शेजारच्या पाहुण्याच्या ताटातला लाडू उचलून खाल्ला, तेव्हा मी घरी येऊन भांडले होते. पुढची दोन वर्षं मी यांना उद्धट म्हणत राहिले. तो आजार होता हे कळल्यावर मला रडूही आलं नाही, नुसती बसून राहिले. कबड्डीमुळे झालं असं डॉक्टर म्हणाले नाहीत आणि मीही म्हणत नाही.

माझ्या नणंदेचा मुलगा बाल्टिमोरजवळ नोकरीला आहे. त्याला फोनवर आजाराचं नाव सांगितलं तर तो म्हणाला, "मामी, इथल्या जॉन मॅकींना हाच होता." मग रात्री यांना झोप लागली की तो एकेक गोष्ट सांगायचा आणि मी वहीत उतरवून घ्यायचे.

मॅकींचा जन्म 1941 चा, न्यूयॉर्कचा. वडील बॅप्टिस्ट धर्मोपदेशक. सिराक्यूस विद्यापीठात शिकले. 1963 मध्ये बाल्टिमोर कोल्ट्स या संघाने त्यांना घेतलं. टाइट एंड रांगेच्या टोकाला, अगदी लगटून उभा राहतो. समोरच्याला छातीवर घेऊन अडवायचं, म्हणजे आपल्या चेंडूवाल्याला वाट मिळते, हे तेव्हा त्याचं मुख्य काम असायचं. चेंडू झेलायचा तो जमलं तर, दोन-चार पावलांवर. मॅकी चेंडू झेलून पळायला लागले आणि पळताना अंगावर आलेल्यांना झटकून टाकायला लागले. सव्वासहा फुटांच्या आसपास उंची, शंभर किलोंवर वजन, आणि तरी वेगात कोणाला न सापडणारे. 1966 च्या मोसमात त्यांनी झेल घेऊन 9 टचडाउन (चेंडू समोरच्याच्या शेवटच्या रेघेपलीकडे नेणं) केले, त्यातले 6 पन्नास यार्डांहून लांबचे. दहा वर्षांत 331 झेल, 5,236 यार्ड, 38 टचडाउन, आणि एवढ्या मारामारीच्या खेळात चुकवला तो फक्त एक सामना.

जानेवारी 1971 च्या सुपर बोलमध्ये त्यांनी 75 यार्डांचा टचडाउन केला. कोल्ट्सच्या जॉनी युनायटसने फेकलेला चेंडू आधी त्यांच्याच संघाच्या हिंटनच्या हाताला लागून उडाला. एकाच संघाच्या दोघांचे हात लागोपाठ लागले तर झेल धरायचा नाही, असा तेव्हाचा नियम. पण मध्ये समोरच्या डॅलस संघाच्या मेल रेनफ्रोचं बोट चेंडूला लागलं होतं, म्हणून तो धरला. कोल्ट्सनी तो सामना 16-13 असा जिंकला. बोट लागलं की नाही यावरून सामना फिरतो, हे कबड्डीच्या घरात कोणाला समजावून सांगावं लागत नाही.

मला मात्र त्यांचं दुसरं काम मोठं वाटतं. 1970 मध्ये अमेरिकन फुटबॉलच्या दोन लीग एक झाल्यावर खेळाडूंच्या संघटनेचे पहिले अध्यक्ष तेच झाले आणि त्याच वर्षी पेन्शन नि इतर सोयींसाठी त्यांनी संप केला. तेव्हा असा नियम होता की करार संपलेला खेळाडू दुसऱ्या संघात गेला तर त्या संघाने जुन्या संघाला भरपाई द्यायची, आणि ती दोघांत ठरली नाही तर लीगचे आयुक्त रोझेल ठरवणार. काय द्यावं लागेल याची खात्री नसल्यामुळे मोकळ्या खेळाडूला कोणी हात लावत नसे. मॅकी आणि इतर काही खेळाडू कोर्टात गेले. 1976 मध्ये अपील कोर्टाने तो नियम स्पर्धाविरोधी ठरवला. केल्सीसारखे खेळाडू आज जे पैसे मागू शकतात त्याची वाट तिथून सुरू होते. मॅकींना हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे थोर खेळाडूंच्या मानाच्या यादीत, घेतलं ते 1992 मध्ये, निवृत्तीनंतर वीस वर्षांनी. संघटनेच्या कामामुळेच त्यांना इतकं मागे ठेवलं असं बऱ्याच जणांचं मत आहे, आणि मला ते पटतं.

भाच्याने त्यांच्या 1966 च्या एका धावेची चित्रफीत पाठवली. समोर डेट्रॉईटचा संघ. मॅकी चेंडू घेतात आणि एकामागून एक माणसं त्यांच्या कमरेला, खांद्याला लटकून गळून पडतात. मी मोबाइल यांच्यासमोर धरला. त्या आठवड्यात हे एक शब्द बोलले नव्हते. दोनदा पाहिली. तिसऱ्यांदा लावल्यावर उजव्या हाताची बोटं मांडीवर आवळली गेली आणि स्पष्ट आवाजात म्हणाले, "कंबर कशाला धरताय, घोटा धरा." त्यानंतर एवढं लांब वाक्य यांच्या तोंडून मी ऐकलेलं नाही.

मागच्या मार्गशीर्षात गॅसवाल्या मुलाने उंबऱ्यात पाय टाकला, आणि खुर्चीत बसलेल्या यांनी पुढे झुकून त्याचा घोटा धरला. दोन्ही हात एकमेकांत अडकवलेले, हनुवटी छातीला टेकलेली, अगदी शिकवतात तशी पकड. सिलिंडर गॅलरीत आदळला. नशीब, कोणाला लागलं नाही. बोटं सोडवायला शेजारचे दोघं आले. मॅकींचंही असंच झालं होतं. विमानतळावर तपासणीच्या वेळी बोटांतल्या अंगठ्या काढायला सांगितल्या. एक सुपर बोलची, एक हॉल ऑफ फेमची. त्यांनी नकार दिला आणि पुढे पळत सुटले. पहारेकऱ्यांनी त्यांना पाडून धरलं. त्यांच्या पत्नी सिल्व्हिया तिथेच होत्या.

या सिल्व्हियाताईंसाठीच मी हे पत्र लिहायला बसले. पन्नाशी उलटल्यावर, घरात आरोग्य विमा असावा म्हणून, त्यांनी विमानात हवाई सेविकेची नोकरी धरली. मी एकसष्टाव्या वर्षी पोळ्यांच्या ऑर्डरी घ्यायला लागले, रोजच्या 120. पुढे सिल्व्हियाताईंनी लीगचे आयुक्त टॅग्लिआब्यू यांना पत्र लिहिलं. हा आजार रुग्णाला खातोच, पण सांभाळणाऱ्यालाही मारतो, असं त्यात होतं. त्या पत्रातून 2007 मध्ये लीग आणि खेळाडूंच्या संघटनेने मिळून '88 प्लॅन' सुरू केला. 88 हा मॅकींच्या जर्सीचा नंबर. डिमेन्शिया झालेल्या जुन्या खेळाडूला संस्थेत ठेवलं तर वर्षाला 88,000 डॉलरपर्यंत, आणि घरी सांभाळलं तर 50,000 डॉलरपर्यंत खर्च मिळायचा. आजार खेळामुळेच झाला हे आधी सिद्ध करा, अशी अट नव्हती. मॅकी 2011 मध्ये 69 व्या वर्षी गेले. नंतर त्यांचा मेंदू तपासला तेव्हा त्यात सीटीई आढळला, म्हणजे डोक्याला पुन्हा पुन्हा मार बसल्याने होणारा आजार. तो खात्रीने ओळखता येतो तो मृत्यूनंतरच. खर्चासाठी पुरावा मागितला असता तर मॅकी जिवंत असताना सिल्व्हियाताईंना एक पैसा मिळाला नसता.

इकडचा हिशेब सांगते. कंपनी 2001 मध्ये बंद पडली. यांना महिन्याला 2,140 रुपये पेन्शन आहे. दिवसपाळीला ब्युरोचा माणूस ठेवायचा तर बारा तासांचे 900 रुपये, म्हणजे महिन्याचे 27,000. मेडिक्लेम रुग्णालयात दाखल झाल्यावरचा. सत्तर पूर्ण झाली की आयुष्मान कार्ड मिळेल, तेही दाखल झाल्यावरचंच. आणि या आजाराला दाखल करत नाहीत, घरी पाठवतात. घरी म्हणजे माझ्याकडे. आंघोळीला हे तयार होत नाहीत. "सराव आहे, बाकीचे खाली थांबलेत," म्हटलं की लगेच उठतात. पाणी अंगावर पडेपर्यंत विसरतात, तेवढ्यात मी साबण लावून घेते.

केंद्र सरकारची खेळाडूंसाठी पेन्शन आहे. पण ती ऑलिंपिक, एशियाड अशा आंतरराष्ट्रीय स्पर्धांतल्या पदकांवर मिळते. कबड्डी एशियाडमध्ये पदकाचा खेळ म्हणून आली 1990 साली, बीजिंगला. तेव्हा हे तेहतीस वर्षांचे होते आणि गुडघे गेलेले होते. त्यांच्या पिढीला जिंकायला ते पदकच नव्हतं. प्रो कबड्डी आली 2014 मध्ये. नायगाव, लालबाग, प्रभादेवीच्या मातीवर ज्यांनी हा खेळ टिकवला त्यांच्यासाठी त्यात काही ठेवलेलं मला तरी दिसलं नाही.

म्हणून माझी विनंती आहे की कबड्डीच्या संघटनांनी, स्पर्धा भरवणाऱ्या मंडळांनी आणि राज्याच्या क्रीडा खात्याने मिळून अशा खेळाडूंच्या घरच्या शुश्रूषेसाठी एक निधी काढावा. दर मोसमात पाहुण्यांच्या शाली-श्रीफळांवर आणि मंडपावर जो खर्च होतो त्यातला काही भाग वळवला तरी सुरुवात होईल. पदक विचारू नये, कबड्डीमुळेच झालं का हेही विचारू नये. तो माणूस जिल्हा किंवा व्यावसायिक गटात खेळला होता का आणि डॉक्टरांचं निदान आहे का, एवढंच पाहावं. पैसे रुग्णालयाला नकोत, घरी येणाऱ्या माणसाच्या पगाराला हवेत. मला दिवसाचे चार तास जरी माणूस मिळाला तर मी पोळ्याही करीन आणि यांना खाली मैदानापर्यंत फिरवूनही आणीन.

आमच्या घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर अशी आणखी चार घरं मला माहीत आहेत. एका घरात सून सांभाळते, एका घरात ऐंशी वर्षांची बहीण. खेळाडूचं वय, कोणत्या गटात खेळले, आजार आणि महिन्याचा खर्च, हे सगळं मी त्यांच्या परवानगीने वहीत लिहून ठेवलं आहे. संबंधितांपैकी कोणी मागितली तर वही घेऊन स्वतः येईन. फक्त वेळ दुपारी दोन ते चारची द्यावी, तेव्हा हे झोपलेले असतात.

आपली नम्र,
एका कबड्डीपटूची पत्नी
नायगाव, दादर (पूर्व), मुंबई
(पत्ता कार्यालयाकडे दिला आहे, नाव छापू नये.)