लाइनवरच्या पोराबद्दल

पिट्सबर्ग,
३ ऑगस्ट

तीर्थरूप बाबा आणि आई,
शिरसाष्टांग नमस्कार.

परवा फोनवर बाबा तीनदा "काय म्हणालीस?" म्हणाले आणि आईच्या हातात फोन देऊन उठून गेले, म्हणून पत्र लिहायला बसले. आई, तू त्यांचा निरोप पोचवलास, "पोराला खेळू दे म्हणतायत." बाबा, तुमचा नातू अंगापिंडाने तुमच्यावरच गेलाय. म्हणूनच शाळेच्या फुटबॉल कोचने त्याला बघताक्षणी लाइनवर उभा केला. आईबापांच्या सहीचा कागद दोन आठवडे आमच्या फ्रिजवर तसाच आहे. तो का, हे ओरडून सांगण्यासारखं नाही.

इथला अमेरिकन फुटबॉल वेगळा. चेंडू दोन्ही टोकांना निमुळता, आणि तो हातात घेऊन पळायचा किंवा फेकायचा. अकरा जणांतले पाच अगदी पुढे, ओळीने वाकून, हात जमिनीला टेकवून बसतात. ती लाइन. चेंडू घेऊन पळणं किंवा फेकलेला झेलणं हे त्यांचं काम नव्हे. समोरून तेवढीच आडदांड माणसं अंगावर येतात, त्यांना छातीने, खांद्याने, डोक्याने थोपवून धरायचं, म्हणजे मागचा चेंडू फेकणारा सुरक्षित राहतो. चेंडू सुटला की टक्कर. एका सामन्यात साठेक वेळा, आणि सराव निराळा. टीव्हीवरचा कॅमेरा चेंडूमागे पळतो, त्यामुळे ही माणसं कुणाच्या लक्षात राहत नाहीत.

या गावाने मात्र त्यातल्या एकाला विसरायचं नाकारलंय. माइक वेबस्टर. विस्कॉन्सिनमध्ये बटाट्याच्या शेतावर वाढलेला पोरगा. १९७४ साली पिट्सबर्ग स्टीलर्स या इथल्या व्यावसायिक संघाने त्याला खेळाडू निवडीच्या पाचव्या फेरीत घेतलं, कारण लाइनसाठी तो लहानखुरा वाटत होता. तो सेंटर, म्हणजे लाइनच्या मधोमध बसून दोन पायांमधून चेंडू मागे देणारा. चेंडू दिल्या क्षणी समोरचा अंगावर येणार हे ठरलेलं. कडाक्याच्या थंडीतही बाह्या वर गुंडाळून उघड्या दंडांनी खेळायचा. पंधरा वर्षं इथे आणि दोन कॅन्सस सिटीला, सतरा हंगाम. चार सुपर बोल, म्हणजे व्यावसायिक लीगचे अंतिम सामने, जिंकले. लोक त्याला 'आयर्न माइक' म्हणायचे. आमच्या शेजारचे आजोबा पोलादाच्या गिरणीत होते. ते अजून त्याचं नाव काढताना आवाज खाली आणतात.

खेळ सुटल्यावर तो माणूस विस्कटत गेला. काय बोलत होतो ते विसरायचा. झोप येईना. संसार तुटला. कधी स्वतःच्या पिकअप गाडीत झोपायचा. पडलेले दात गोंदाने चिकटवायचा. १९९७ मध्ये त्याला खेळाच्या हॉल ऑफ फेममध्ये मान मिळाला, तेव्हाही आतून हेच चाललेलं होतं. १९९९ मध्ये लीगच्या पेन्शन मंडळानेच मान्य केलं की डोक्याला बसलेल्या मारामुळे हा कायमचा अपंग झालाय. २४ सप्टेंबर २००२ला तो गेला. वय पन्नास.

शवविच्छेदन इथल्याच काउंटीच्या डॉक्टरांनी केलं, बेनेट ओमालू, मूळचे नायजेरियाचे. मेंदू बाहेरून धडधाकट दिसत होता. तरी त्यांनी तो ठेवून घेतला, पातळ काप करून सूक्ष्मदर्शकाखाली पाहिले. टाऊ नावाचं प्रथिन जागोजाग साचलेलं. २००५ मध्ये त्यांनी सहकाऱ्यांसोबत ते छापलं, तेव्हा लीगशी जोडलेल्या डॉक्टरांनी लेख मागे घ्या म्हणून पत्र धाडलं. हाच तो सीटीई, डोक्याला वारंवार बसणाऱ्या माराने मेंदू झिजवणारा आजार, ज्याची खात्री अजूनही मेल्यावरच पटते. २०२३ मध्ये बोस्टन विद्यापीठाने सांगितलं की त्यांनी तपासलेल्या ३७६ माजी व्यावसायिक खेळाडूंच्या मेंदूंपैकी ३४५ मध्ये तो सापडला. ज्यांच्या घरच्यांना आधीच शंका होती असेच मेंदू जास्त येतात, त्यामुळे सगळ्या खेळाडूंना हाच आकडा लावता येत नाही, हेही ते सांगतात. मला घाबरवलं ते दुसऱ्याच गोष्टीने. बेशुद्ध पाडणारा एखादा मोठा फटका लागतोच असं नाही. वर्षानुवर्षं बसणारे बारके फटके साचत जातात. आणि लाइनवर ते प्रत्येक चेंडूला बसतात.

बाबा, हे वाचताना मला तुमची मागांची शेड ऐकू आली. शाळा सुटल्यावर डबा घेऊन यायची मी. दारातच खडखडाटाने छाती हलायची, आणि तुम्ही चार मागांच्या मध्ये उभे, धोटा दोन्ही बाजूंनी ठोकर खातोय, कानात काही नाही. मी कान दाबून धरले की तुम्ही हसून म्हणायचात, "सवय होते." तुमचे कान अमुक दिवशी गेले असं सांगता येईल का? मला नाही सांगता येत. आधी घरात तुमचा आवाज चढला. मग रेडिओ मोठा झाला. आम्हाला वाटायचं बाबा चिडके झालेत. त्या पगारावर माझं इंजिनिअरिंग झालं, हे मी रोज आठवते.

पण पोराची बाजूही लिहिते. इथे वर्गात त्याच्या अंगावरून हसायचे. लाइनमधली पाच पोरं एकत्र डबा खातात, एकमेकांना भावासारखी धरून असतात. पहिल्या दिवशी घरी येऊन म्हणाला, "आई, मी तिथे हवा असतो." त्याला असं बोलताना मी कधी ऐकलं नव्हतं. ते मोडायला माझा हात धजावत नाही, म्हणून कागद फाडलेलाही नाही.

शेवटी मी त्याच्याजवळ बसून वेबस्टरची सगळी हकीकत सांगितली, आणि मग तुमच्या मागांचीही. कोचना कळवलंय की यंदा तो टक्कर नसलेला फ्लॅग फुटबॉल खेळेल, लाइनवर नाही. पोरगं रडलं. दोन दिवस माझ्याशी बोललं नाही. काल रात्री येऊन एकच विचारलं, "आजोबांना तेव्हा माहीत होतं का? आणि माहीत असतं तर सोडलं असतं का?"

याचं उत्तर मी तुमच्या वतीने देणार नाही. तुम्हीच त्याला लिहा, बाबा, जे खरं असेल ते. मोठ्या अक्षरात लिहा, तो मराठी सावकाश वाचतो. आई, बाबांचं कानाचं मशीन कपाटातून काढून त्यांच्या उशाशी ठेव.

तुमची धाकटी